जिथं होते तिथंच

आमच्या गावात नवी सून आली की पहिल्या महिन्यात तिला तीन गोष्टी दाखवतात. महादेवाचं देऊळ, पाझर तलाव आणि मी. मी म्हणजे चेअरमन साहेबांच्या नावानं जिंदगी काढलेली बाई. सुना लांबून बघतात, डोक्यावरचा पदर सारखा करतात. एखादी धीट असली तर दूध संस्थेत माझ्याकडं दूध घालायला आल्यावर विचारते, "मावशी, ते खरं हाय का ओ?" मी विचारते, "गाईचं हाय का म्हशीचं?"

खरं काय ते आता लिहिते. साहेब गेले, त्यामुळं कुणाच्या निवडणुकीला धक्का लागायचा नाही.

आमचं गाव नेकनूरच्या पुढं, डोंगराच्या उतारावर. एसटी फाट्यावर सोडते, पुढं चालायचं. आमचं घर मेंढरांचं. बा कळप घेऊन दिवाळीनंतर चाऱ्यासाठी खाली नदीकाठच्या गंगथडीला जायचा आणि पावसाळ्याच्या तोंडावर परत यायचा. मी सातवीपर्यंत शिकले, कारण शाळा घरासमोर होती आणि मास्तरांना पट भरून दाखवायचा होता. त्या मोठ्या दुष्काळात साठ मेंढरांची अकरा राहिली. बा त्या अकरांना घेऊन मधेच परत आला, दारात बसला आणि चार दिवस बोलला नाही. पाचव्या दिवशी आम्ही तिघं, बा, माय आणि मी, पाझर तलावाच्या सरकारी दुष्काळी कामावर गेलो. मी एकोणीस पूर्ण केली होती. माझं लग्न ठरायला पाहिजे होतं, पण दोन वर्षं पाऊस नव्हता आणि गावातली सगळीच लग्नं तहकूब होती.

कामावर सुरुवातीला आमच्यासारखीच माणसं होती. दुसऱ्या वर्षी मोठ्या घरची माणसंही आली. मोठं घर म्हणजे ज्यांच्या रानातून गावाचा रस्ता जातो ते. पहिल्या आठवड्यात ती नुसती उभी राहून बघत होती, नंतर त्यांनी कुदळी घेतल्या. त्यांच्या बाया नाकापर्यंत पदर ओढून यायच्या, पण टाचांना भेगा नव्हत्या, म्हणून लगेच ओळखू यायच्या.

त्या घरातला थोरला मुलगा बीडला कॉलेजात होता. खाणावळ बंद पडली म्हणून तो गावी आला आणि मुकादमानं त्याच्या हातात फावडं दिलं. खोदलेली माती बायकांच्या पाटीत भरायची, बायकांनी ती बांधावर नेऊन टाकायची. मी त्याच्या रांगेत आले. तो इतर बायकांची पाटी भरून द्यायचा आणि माझी अर्धीच भरायचा.

दुपारपर्यंत मुकादमाच्या ते लक्षात आलं. तो सगळ्यांदेखत ओरडला, "काय गं, माती वाहतीस का पिसं?"

मी तशीच फावड्यापुढं जाऊन उभी राहिले. "माझी पाटी कावून अर्धी भरता?"

"तुला जड होतं म्हणून."

"माती न्हाई जड होत. बोलणी जड होतात."

तो कानापर्यंत लाल झाला. दुसऱ्या दिवशी त्यानं पाटी इतकी शिगोशीग भरली की दोन बायकांनी मिळून ती माझ्या डोक्यावर चढवली आणि मी दहा पावलांवर बसले. मधलं काही त्याला जमायचं नाही. हे तेव्हाच ध्यानात घ्यायला पाहिजे होतं. पण मी बसले तिथं हसायला लागले, तोही हसला, आणि तिथून ते सुरू झालं.

दुपारच्या सुट्टीत सरकारी सुकडी खायला मिळायची. तो बाभळीखाली बसून जुना पेपर मोठ्यानं वाचायचा, म्हणजे सगळ्यांना वाचून दाखवायचा, पण बघायचा माझ्याकडं. मोठ्या घरचं पाणी वेगळ्या कळशीत यायचं. एक दिवस त्यानं कळशी सोडली आणि आमच्या पाण्याच्या पिपाजवळ आला. मी प्याले त्याच तांब्यानं पाणी प्याला. सगळ्यांनी बघितलं. कुणी काही बोललं नाही, कारण त्या वर्षी बोलण्याइतका जीव कुणात नव्हता. पाऊस असता तर त्याच तांब्यावरून दोन दिवस पंचायत बसली असती.

तो मला म्हणाला, "आपण लग्न करू. पाऊस पडू दे, मी घरी सांगतो."

मी म्हणाले, "पाऊस पडायच्या आधी सांगा."

"आत्ता सगळे काळजीत हायेत. आत्ता कसं सांगू?"

त्याच महिन्यात गावानं महादेवाला पाण्यात कोंडायचं ठरवलं. गाभारा पिंडीच्या वरपर्यंत पाण्यानं भरायचा, म्हणजे देव गुदमरतो आणि पाऊस पाडतो. प्यायला टँकरचं पाणी, तेही तीन दिवसांनी, पण प्रत्येक घरानं एक घागर द्यायची असं ठरलं. आमच्या घरची घागर माझ्या डोक्यावर होती. देवळाच्या वाटेवर मी थांबले. मला वाटलं, पाऊस पडला की काम बंद होणार, तो कॉलेजात जाणार, कळशी पुन्हा वेगळी होणार. मी वळले आणि ती घागर आमच्या अकरा मेंढरांना पाजली. सगळं गाव पाऊस मागत होतं आणि एकटी मी म्हणत होते, थोडं थांब. देवळात विचारलं तर मी मान डोलावली. गाभारा चार बोटं कमी भरला, आणि त्याचं खापर पुजाऱ्याच्या घरावर फुटलं.

पाऊस पडला. चांगला पडला. तलाव भरला, बांध पाझरला, खालच्या विहिरींना पाणी आलं. गाव आनंदानं वेडं झालं. तो मला बांधावर भेटला तेव्हा पायात नवे बूट होते.

"घरचे ऐकत न्हाईत," तो म्हणाला.

"तुमी सांगितलं का?"

त्यानं पाण्याकडं बघितलं. "सांगणारच होतो. पण त्यांचं तोंड बघूनच कळतं ना."

"मग ऐकत न्हाईत कसं म्हणता?"

"तू दिवाळीपर्यंत थांब. मी कायतरी करतो."

त्यानं केलंच. दिवाळीपर्यंत त्याचं लग्न ठरलं. मुलगी माजलगावकडची, सिंदफणेच्या काठी त्यांची बागायत होती. गावजेवण झालं. दोन वर्षांनी गावानं पहिल्यांदा पोटभर गोड खाल्लं. मीही गेले. न जाण्याचं काय कारण सांगणार? कुणाला काही माहीत आहे असं मला वाटतच नव्हतं. खरं म्हणजे सगळ्यांना माहीत होतं, आणि पंगतीत वाढणारी बाई माझ्या पानावर दोनदा बुंदी वाढून गेली. बुंदी चांगली झाली होती.

मी लग्न का केलं नाही याचं उत्तर गावाकडं तयार आहे. माझ्याकडं ते तुकड्या-तुकड्यांत आहे. पहिली तीन वर्षं मी खरोखर वाट बघितली. कशाची, ते विचारू नका. त्याची बायको चांगली धडधाकट होती. नंतर बा गेला, मायला अर्धांग झालं, आणि अंथरुणाला खिळलेल्या माणसासकट मुलगी करून घेणारं घर आमच्यात तरी कुणी बघितलेलं नाही. माय गेली तेव्हा मी तिशी ओलांडली होती. तोवर गावात दूध संस्था निघाली होती आणि मला तिथं काम लागलं होतं.

हे काम मला साहेबांनी दिलं असं लोक सांगतात. तोवर तो साहेब झाला होता. आधी आमच्या दूध संस्थेचा चेअरमन, मग माजलगावच्या धरणाच्या पाण्यावर ऊस वाढला तसा एका कारखान्याचा, आणि राहायलाही तिकडंच बंगल्यात गेला. खरी हकीकत अशी, की दुधाची फॅट काढायला ॲसिड लागतं. आधीच्या दोघा पुरुषांनी हात भाजून घेतले आणि नोकरी सोडली. तिसरा कुणी पहाटे चारला उठायला तयार होईना. सातवी पास आणि घरात कुणी नसलेली मी एकटीच होते. काचेच्या नळीत ॲसिड घालायचं, वर दूध, मग यंत्राचा दांडा हातानं गरागरा फिरवायचा, की नळीत फॅट वर येते. पाणी घातलेलं दूध मी नुसतं ओतताना ओळखायचे. शेजारची काकू एकदा म्हणाली, "दुधातलं पाणी कळतं तुला, माणसातलं कळलं न्हाई." काकूला असं बोलायचा हक्क होता, कारण मायच्या आजारपणात तीच रोज येऊन बसायची.

हळूहळू माझी गोष्ट तयार झाली. आधी तिच्यात बदनामी होती. तो जसजसा मोठा होत गेला, तसतशी ती भक्तीची झाली. तो आमदारकीला उभा राहिला त्या साली तर आमच्या गावच्या बायका शेजारच्या गावच्या बायकांना माझ्याबद्दल अभिमानानं सांगायला लागल्या. तो पडला, पण माझी इज्जत काही कमी झाली नाही.

मी चाळिशीला आले तेव्हा दुधाच्या टेम्पोवर नवा ड्रायव्हर आला. सिरसाळ्याचा होता. बायको दोन वर्षांपूर्वी वारलेली. तो कॅन चढवायचा, सही घ्यायचा आणि जाताना एखादं वाक्य बोलायचा. ते वाक्य मला दिवसभर पुरायचं. एकदा त्यानं विचारलं, "तुमच्या चपलेला भोकं कशानं पडली?" मी म्हणाले, ॲसिड सांडतं. पुढच्या आठवड्यात त्यानं सिरसाळ्याच्या बाजारातून चपलांचा जोड आणला. अंदाजानं आणला होता. घातला तर बरोब्बर झाला.

दोन-तीन महिन्यांनी टेम्पोचं इंजिन चालू ठेवून तो खाली उतरला. "मला सहा वर्षांची पोरगी हाय. घर पत्र्याचं हाय, पण स्वतःचं हाय. तुमाला विचारावं वाटलं. राग आला तर सोडून द्या."

मी आठ दिवस मागितले. त्या दिवशी काय झालं ते सांगायला मला आजही संकोच वाटतो. मी घरी येऊन आरशात बघितलं आणि माझं मलाच हसू आलं. आनंदाचं हसू. ते मी काकूला जाऊन सांगितलं.

काकूनं हातातलं सूप खाली ठेवलं. मग म्हणाली, "अगं, पण साहेबांना काय वाटंल?"

दुसऱ्या दिवशी ते गावभर झालं. ज्या बायकांनी वीस वर्षं 'हिचं पुढं काय होणार' म्हणून मला भंडावलं होतं, त्याच आता माझ्या दारात डोळे पुसत होत्या. एक म्हणाली, "आमी पोरींना तुझं उदाहरण देतो." देवळात आरतीला गेले तर पुरुष बाजूला सरले नाहीत, एरवी सरायचे. एवढंच. कुणी मारलं नाही, वाळीत टाकलं नाही. गावाच्या दबावामुळं मी नाही म्हणाले असं सांगितलं तर कुणालाही पटेल. पण आता खरं लिहायचं तर लिहिते. त्या आठ दिवसांत मला कळलं की गोष्टीतली ती एकनिष्ठ बाई मलाच फार आवडायला लागली होती. पत्र्याच्या घरात दुसऱ्याच्या पोरीची वेणी घालणारी बाई तिच्यापुढं फार साधी दिसत होती.

आठव्या दिवशी मी नाही म्हणाले.

त्यानं विचारलं, "साहेबांमुळं?"

"हो," मी म्हणाले.

तो म्हणाला, "मग बरोबर हाय," आणि कॅन चढवायला लागला. त्याच्या आवाजात आदर होता. रागावला असता तर बरं झालं असतं. वर्षाच्या आत त्यानं रूट बदलून घेतला. पुढं एकदा सिरसाळ्याच्या बाजारात तो दिसला, बायको आणि मुलगी बरोबर होत्या. मुलीच्या दोन वेण्या घट्ट घातलेल्या होत्या. तो बायकोला म्हणाला, "या दूध संस्थेच्या बाई. लई मोठ्या मनाच्या." बायकोनं वाकून नमस्कार केला. मी तिला काय आशीर्वाद दिला ते मला आठवत नाही.

मग पुन्हा दुष्काळ पडला. या खेपेला माणसांसाठी काम नव्हतं काढलं, जनावरांची छावणी होती, आमच्याच माळावर. लोक गाई-म्हशी घेऊन तिथंच राहायला गेले. उसाचे वाढे, म्हणजे हिरवे शेंडे, तोडून जनावरांपुढं टाकायचे, टँकर यायचा. दूध रोजच्या बारा कॅनवरून तीनवर आलं. छावणी साहेबांच्या संस्थेची, म्हणून उद्घाटनाला ते स्वतः आले. इतक्या वर्षांत गावात ते चार-पाचदा आले असतील, पण प्रत्येक वेळी गाडीतून. या वेळी स्टेज होतं.

भाषणात ते दुष्काळाच्या जुन्या दिवसांवर आले. "आमी पाझर तलावावर मातीत काम केलंय. माझ्यासोबत एक गरीब भगिनी होती. तिला पाटी पेलत नव्हती. मी ती पाटी माझ्या डोक्यावर घेतली आणि बांधावर नेली. त्या दिवशी मी ठरवलं की समाजाचं ओझं आपण उचलायचं."

टाळ्या पडल्या. मांडवातल्या सगळ्या बायका मागं वळून माझ्याकडं बघत होत्या. अर्ध्याजणी रडत होत्या. मीही पदर तोंडाला लावला, कारण मला हसू आवरत नव्हतं. ते रडण्यासारखं दिसलं असणार, कारण नंतर दोघीतिघींनी माझी पाठ थोपटली.

सभा झाल्यावर ते संस्थेच्या खोलीत चहाला आले. बाकीच्यांना बाहेर थांबायला सांगितलं. बाहेरचे मोठ्या समजुतीनं थांबले. समोरचा माणूस जाड झाला होता, चहा बिनसाखरेचा लागत होता, आणि खुर्चीत बसताना त्यानं गुडघा धरला.

"बरी हायस का?"

"बरी हाय. तुमी?"

"चाललंय." त्यांनी खोलीभर नजर फिरवली. "मी यायचं म्हणतो, पण होत न्हाई. तसं तुला शोधायची वेळ कधी आलीच न्हाई. मला ठाऊक होतं, तू जिथं होतीस तिथंच असशील."

हे त्यांनी कौतुकानं म्हटलं. कोनशिलेवर आपलं नाव अजून शाबूत आहे असं बघून माणूस जसा खूश होतो, तसे खूश होते. मला राग यायला पाहिजे होता. पण ते खरंच होतं, आणि इतक्या वर्षांत माझ्याबद्दल कुणी इतकं खरं बोललं नव्हतं.

मी म्हणाले, "पाटी तुमी उचलली न्हवती."

"न्हवती?" ते विचारात पडले. खोटं बोलत नव्हते, खरोखर आठवत होते. "मला तर डोळ्यापुढं दिसतं. मग कुणी उचलली?"

"मीच."

ते मोकळं हसले, आणि क्षणभर मला फावडं घेतलेला तो दिसला. मग म्हणाले, "आता लई वर्षं सांगत आलोय. बदलता यायचं न्हाई."

"आणि भगिनी कावून म्हणता?"

"सभेत दुसरं काय म्हणणार?"

चहा संपला. उठताना ते म्हणाले, "तुला काय पाहिजे का? सांग."

हा प्रश्न ते विचारतील तेव्हा काय म्हणायचं, याची मी किती वर्षं तयारी केली होती ते सांगत नाही. त्यातलं एक उत्तर फार सुंदर होतं, ऐकून त्यांना रात्रभर झोप लागली नसती. ऐन वेळी मात्र मला समोरच्या माळावर जिभा बाहेर काढून उभ्या असलेल्या म्हशी दिसल्या. मी म्हणाले, "छावणीत सावली न्हाई. वर नेट टाकून द्या."

ते जरा हिरमुसले. "एवढंच?"

"एवढंच."

नेट यायला पंधरा दिवस लागले. तोवर लोकांनी स्वागताचा मोठा फ्लेक्स उतरवून बांबूंवर ताणला. दुपारभर साहेबांच्या हसऱ्या चेहऱ्याखाली चौदा म्हशी रवंथ करत बसायच्या. त्यांनी खरोखर कुणाचा भार हलका केलेला मी तेवढाच बघितला.

गेल्या वर्षी ते गेले. बातमी सकाळीच टीव्हीवर आली, पण आमच्याकडं वीज नव्हती, त्यामुळं मला कळलीच नाही. त्या दिवशी मोटरसायकलवर माजलगावच्या धरणातले मासे विकणारा आला होता. मी अर्धा किलो घेतले, दुपारी निवांत वाटण वाटलं, कालवण चुलीवर ठेवलं. रटरटायला लागलं तेवढ्यात दारातून काकू आत आली. तिला आता दिसत नाही, सुनेचा हात धरून आली होती. तिनं मला मिठी मारली आणि हंबरडा फोडला. मागून पंधरा-वीस बायका. सगळ्या फिक्या लुगड्यांत.

"गेले गं बाई तुझे साहेब!"

मी आधी ते कालवण उतरवलं. झाकण ठेवलं, वर बांबूची बुट्टी पालथी घातली. मसाल्याचा वास घरभर होता, पण कुणी त्यावर अवाक्षर काढलं नाही. दुःखात माणसाला कशाची शुद्ध राहत नाही, असं त्यांनी धरलं असावं. त्यांनी सतरंजी अंथरली. मला भिंतीशी बसवलं. मयताच्या घरी चूल पेटत नाही म्हणून पिठलं-भाकरी करून आणली होती. तिकडं त्यांच्या बंगल्यावर त्यांची बायको, मुलं, नातवंडं, मंत्री, पोलीस असा सगळा गोतावळा असणार. इकडं माझ्या दहा बाय बाराच्या खोलीत दुसरं सुतक चालू होतं.

थोड्या वेळानं एकजण हळूच म्हणाली, "बांगड्यांचं काय करायचं?"

सगळ्या माझ्या हातांकडं बघायला लागल्या. हिरव्या सहा-सहा होत्या, संक्रांतीला भरलेल्या.

मी म्हणाले, "बांगड्या माझ्या मी भरल्यात. त्या राहतील."

आवाज माझाच होता, पण मलाही जरा जास्त वाटला. काकूनं माझं मनगट चाचपलं, बांगड्या एकदा वाजवून बघितल्या आणि त्या बाईला म्हणाली, "तिचं तिला कळतं. तू गप बस."

तेव्हा मला रडू आलं. चांगलं हुंदके देऊन आलं, इतकी वर्षं कुठं साठलं होतं कोण जाणे. बायकांना हायसं वाटलं. त्या मला धरून रडल्या. मी कुणासाठी रडते ते त्यांना ठाऊक होतं. मला नव्हतं.

दिवे लागायच्या सुमाराला त्या गेल्या. जाताना एकेकीनं माझ्या पाठीवर हात ठेवला. मी तोंड धुतलं. आधी त्यांचं पिठलं-भाकरी खाल्लं, कारण त्यांनी प्रेमानं आणलं होतं आणि उरवणं बरं दिसलं नसतं. मग दाराला कडी घातली, बुट्टी उचलली, कालवण गरम केलं. माशाला काटे लई होते. सावकाश खाल्ला.